‘पथेर पांचाली’चे बाह्यचित्रण आणि सत्यजित राय

सत्यजित राय (१९२१-१९९२) हे नागर संस्कारांत वाढलेले कलावंत. कलकत्त्यातील त्यांच्या घराण्यात साहित्याची व मुद्रणकलेची परंपरा होती. शांतिनिकेतनातील चित्रकलेच्या शिक्षणानंतर ते जाहिरातसंस्थेत नोकरीस लागले. विभूतिभूषण बंद्योपाध्याय यांच्या ‘पथेर पांचाली’च्या (१९२९) किशोरावृत्तीसाठी चित्रे काढताना बंगालचे खेडे त्यांच्या मनात रुजले. १९५० मध्ये लंडनला ‘बायसिकल थीव्ह्ज’ पाहिल्यावर प्रत्यक्ष स्थळी, नवख्या नटांसह चित्रण करण्याचा त्यांचा निश्चय पक्का झाला.

२७ ऑक्टोबर १९५२ रोजी काशगवताच्या माळावर चित्रणास आरंभ झाला. आठवड्याने मंडळी परतली, तेव्हा गुरांनी ते गवत फस्त केले होते. उरलेला प्रसंग पुढच्या हंगामावर गेला. रूपांतराच्या दृष्टीने मात्र हाच प्रसंग सर्वाधिक विचारणीय आहे. कादंबरीतील दुर्गा आगगाडी न पाहताच मरते. राय यांनी दोन्ही भावंडांना माळावर आणले खरे, पण दुर्गा धावताना अडखळून पडते. रुळांपाशी पोचतो तो एकटा अपू. या बदलास मूळ कृतीशी द्रोह म्हणणे उथळपणाचे होईल. दुर्गेची वंचना येथे निवेदनाऐवजी त्या चार पावलांच्या अंतरातून कळते.

बोडाल गावातील काम पैशांअभावी वारंवार थांबले. पत्नीचे दागिने गहाण पडले. अखेर पश्चिम बंगाल शासनाने भांडवल पुरविले. वृद्ध चुनीबालादेवी इंदिर ठाकरुणची भूमिका पुरी करू शकल्या, हे भाग्यच. ऑगस्ट १९५५ मध्ये चित्रपट कलकत्त्यात प्रदर्शित झाला.