झाक बेर्तियों

झाक बेर्तियों (११ नोव्हेंबर, इ.स. १८५१ – ४ जुलै, इ.स. १९२२) हे फ्रेंच वैद्य, संख्याशास्त्रज्ञ व लोकसंख्याशास्त्रज्ञ होते. मृत्यूच्या कारणांची आंतरराष्ट्रीय यादी त्यांनी तयार केली. रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाचा, म्हणजेच आयसीडीचा, उगम या यादीत आहे. आज रुग्णालयात रोगनिदानापुढे जो सांकेतिक क्रमांक लिहिला जातो, तो याच परंपरेतला आहे.

== घराणे ==
बेर्तियों यांचा जन्म पॅरिसमध्ये झाला. मोजणी हा या घराण्याचा वारसाच होता. आईचे वडील आशिल गियार यांनी १८५५ साली लोकसंख्याशास्त्रासाठी फ्रेंच भाषेत नवा शब्द घडवला आणि पुढे तो जगभर रूढ झाला. वडील लुई-आदोल्फ हे वैद्य असून पॅरिस नगरपालिकेच्या सांख्यिकी कार्यालयाचे प्रमुख होते. धाकटे बंधू आल्फाँस यांनी गुन्हेगारांची ओळख शरीराच्या मापांवरून पटवण्याची पद्धत काढली. कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंत डाव्या हाताची लांबी हे त्या मापांपैकी एक होते. ही पद्धत भारतातही वापरात होती, पण १८९७ नंतर येथे बोटांच्या ठशांनी तिची जागा घेतली. आल्फाँस यांचे नाव अधिक गाजले असले, तरी टिकाऊ काम थोरल्या भावाचेच ठरले.

झाक यांनी वैद्यकाचे शिक्षण घेतले. १८८३ साली वडिलांचे निधन झाल्यावर पॅरिसच्या सांख्यिकी कार्यालयाची धुरा त्यांच्याकडे आली. घटस्फोट आणि आत्महत्या यांच्या प्रमाणांतील संबंध त्यांनी आकडेवारीतून दाखवला. समाजशास्त्रज्ञ एमिल द्युर्केम यांनी आत्महत्येवरील आपल्या १८९७च्या ग्रंथात त्याची दखल घेतली. बेर्तियों यांच्या पत्नी कारोलिन शुल्त्स याही डॉक्टर होत्या. त्यांनी १८८८ साली पॅरिस विद्यापीठाला सादर केलेल्या प्रबंधाचा विषय स्त्री-वैद्य हाच होता.

== मृत्यूच्या कारणांची यादी ==
एकोणिसाव्या शतकात प्रत्येक देश, किंबहुना प्रत्येक शहर, मृत्यूची कारणे आपापल्या शब्दांत नोंदवत असे. एकाच रोगाला चार नावे असत, तर एका नावाखाली चार रोग दडलेले असत. त्यामुळे एका शहरात क्षयाने अधिक माणसे मरतात की दुसऱ्या, हा साधा प्रश्नही सुटत नसे. १८५३च्या ब्रुसेल्स परिषदेने इंग्लंडचे विल्यम फार व जिनिव्हाचे मार्क देस्पिन यांच्यावर समान यादीचे काम सोपवले होते. दोघांनी दोन वेगळ्या तत्त्वांवर याद्या रचल्या. १८५५ साली तडजोडीची एक यादी स्वीकारली गेली, पण ती सर्वत्र चालली नाही.

१८९१ साली व्हिएन्ना येथे आंतरराष्ट्रीय सांख्यिकी संस्थेने नव्या यादीसाठी समिती नेमली आणि बेर्तियों यांना तिचे अध्यक्षपद दिले. १८९३ साली शिकागो येथे त्यांचे वर्गीकरण स्वीकारले गेले. सर्व शरीराला ग्रासणारे रोग वेगळे आणि विशिष्ट अवयवाचे रोग वेगळे, हे फार यांचे तत्त्व त्यांनी पायाभूत मानले. यादी त्यांनी ४४, ९९ आणि १६१ शीर्षकांच्या तीन आवृत्त्यांत दिली. ज्या देशात डॉक्टर थोडे, त्याने लहान यादी घ्यावी. तरीही तिची बेरीज मोठ्या यादीशी जुळावी, अशी ही योजना होती. तिच्या यशाचे खरे कारण बहुधा याच व्यवहारी शहाणपणात आहे.

अमेरिकन सार्वजनिक आरोग्य संघटनेने १८९८ साली ओटावा येथे या यादीची शिफारस केली आणि दर दहा वर्षांनी ती सुधारावी, असेही सुचवले. फ्रेंच सरकारने ऑगस्ट १९०० मध्ये पॅरिस येथे बोलावलेल्या पहिल्या सुधारणा परिषदेला २६ देशांचे प्रतिनिधी आले. तेथे १७९ गटांची यादी संमत झाली. पुढच्या दोन सुधारणांतही बेर्तियों हेच सूत्रधार होते.

== हाताच्या धमनीची जखम ==
बेर्तियों यांची यादी मृत्यूसाठी होती. त्यामुळे अपघाती जखम तिच्यात बाह्य कारणांखाली जाई. कोणती रक्तवाहिनी तुटली याला तिथे जागा नव्हती. जागतिक आरोग्य संघटनेने १९४८ साली सहावी सुधारणा केली, तेव्हा आजारपणाच्या नोंदीही वर्गीकरणात आल्या आणि जखमेचे स्वरूप व जखमेचे कारण यांच्या दोन वेगळ्या याद्या झाल्या.

आयसीडीच्या दहाव्या आवृत्तीत कोपर ते मनगट या भागातील रक्तवाहिन्यांच्या जखमा एस५५ या गटात येतात. करंगळीच्या बाजूची अल्नर धमनी एस५५.० आणि अंगठ्याच्या बाजूची रेडियल धमनी, जिच्यावर वैद्य नाडी पाहतात, एस५५.१. तीच धमनी मनगटाशी किंवा तळहातात कापली गेली, तर संकेतांक एस६५.१ होतो. अमेरिकेतील विस्तारित आवृत्तीत हात उजवा की डावा आणि उपचार पहिल्यांदा होत आहेत की पुढच्या टप्प्यातले, हेही अंकांतून कळते.

वर्धा जिल्ह्यात सोयाबीनच्या हंगामात मळणी यंत्रात एखाद्या मजुराचा हात सापडला आणि रेडियल धमनी तुटली, असे समजू. तो बचावला, तर रुग्णालयातील त्याचे निदान एस५५.१ असे नोंदवता येते. रक्तस्रावाने दगावला, तर मृत्यूचे मूळ कारण म्हणून धमनीची जखम धरली जात नाही. शेतीच्या यंत्राने झालेला अपघात, म्हणजे डब्ल्यू३०, हे कारण मोजले जाते. धमनी तुटल्याचा आकडा शल्यवैद्याच्या कामाचा, तर यंत्राचा आकडा अपघात टाळू पाहणाऱ्या शासनाच्या कामाचा. म्हणून प्रमाणपत्रावर केवळ रक्तस्राव किंवा हृदय बंद पडणे एवढेच लिहिले, तर यंत्र आकडेवारीतून नाहीसे होते.

ब्रिटिश काळात मध्य प्रांतात, ज्यात वर्धा जिल्हा होता, गावचा कोतवाल जन्ममृत्यूची खबर पोलीस ठाण्यावर देत असे. त्याच्या नोंदीत ताप या एका शब्दात हिवताप, विषमज्वर आणि इतर बरेच काही सामावत असे. स्वतंत्र भारतात १९६९च्या जन्ममृत्यू नोंदणी कायद्याने मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय प्रमाणपत्राची तरतूद केली. सेवाग्रामचे महात्मा गांधी वैद्यकीय महाविद्यालयही त्याच वर्षी सुरू झाले.

== अखेरची वर्षे ==
फ्रान्समधील घटत्या जन्मदराने बेर्तियों यांना आयुष्यभर अस्वस्थ केले. १८९६ साली त्यांनी लोकसंख्यावाढीसाठी एक राष्ट्रीय संघटना स्थापन केली आणि १९११ साली फ्रान्सच्या घटत्या लोकसंख्येवर ग्रंथ लिहिला. मोठ्या कुटुंबांना करात सवलत द्यावी, अशी त्यांची मागणी होती. जर्मनीच्या वाढत्या लोकसंख्येची धास्ती या लेखनात जागोजागी दिसते, आणि यादी रचतानाचा त्यांचा तटस्थपणा येथे उरत नाही. मद्यपानाच्या दुष्परिणामांवरही त्यांनी लिहिले. त्यांच्या हयातीतील शेवटची सुधारणा परिषद १९२० साली झाली. दोन वर्षांनी त्यांचे निधन झाले. आयसीडीची अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली आहे.