पेटंट हातात, पैसा कुठे?

मालवणच्या पॉलिटेक्निकला असा, नाहीतर कणकवली-सावंतवाडीच्या कॉलेजात, प्रोजेक्टला ई-बाईकची बॅटरी घेतलेला एखादा ग्रुप तुमच्या वर्गात असेलच. पेटंट काढू, अशी चर्चाही झाली असेल. आता जगाची यादी बघा. युरोपियन पेटंट ऑफिस आणि आंतरराष्ट्रीय ऊर्जा संस्था यांनी २०२० साली बॅटरीच्या पेटंटची मोजदाद केली. २००० ते २०१८ या काळात सॅमसंग ४,७८७ शोधांसह पहिली. पहिल्या दहांत सात कंपन्या जपानी, दोन कोरियन, एक जर्मन. आपली एकही नाही.

आपल्याकडे डोकं नाही म्हणून? तसं वाटत असेल तर शंकर आबाजी भिसे यांचं आयुष्य वाचा.

भिसे १८६७ साली मुंबईत जन्मले. विज्ञान शिकले ते बरंचसं 'सायंटिफिक अमेरिकन' मासिक वाचून. चौदाव्या वर्षी घरीच कोळशापासून गॅस करायचं यंत्र जुळवलं. पुढे सरकारी हिशेब कचेरीत नोकरी धरली, पण उद्योग चालूच. लंडनच्या एका मासिकाने किराणा माल आपोआप तोलून देणाऱ्या यंत्राची स्पर्धा ठेवली होती. मुंबईच्या या कारकुनाने ती जिंकली, तिथल्या इंजिनीअरना मागे टाकून!

मग लंडन. दिनशा वाच्छांची ओळखचिठ्ठी घेऊन ते दादाभाई नौरोजींकडे गेले आणि दादाभाई त्यांच्यासाठी गुंतवणूकदार शोधू लागले. हो, तेच दादाभाई. आजच्या भाषेत स्टार्टअपचे मेंटॉर म्हणा. भिसेंनी विजेवर चालणारे जाहिरातीचे फलक केले, आपोआप फ्लश होणारा संडास केला. पण खरा जीव अडकला होता छपाईत. तेव्हा पेपर छापायचा तर शिशाचे खिळे ओतावे लागत. ते झपाट्याने ओतून जुळवणारं 'स्पॅसोटाइप' त्यांनी बनवलं. मिनिटाला १,२०० खिळे, असा त्यांचा दावा होता.

यंत्र होतं, पेटंट होतं. कारखाना उभा करायला भांडवल तेवढं नव्हतं. ब्रिटिश समाजवादी नेते हिंडमन यांनी पैसा आणायचं कबूल केलं, तो आलाच नाही. १९०८च्या डिसेंबरात वर्कशॉप बंद करून भिसे बोटीत बसले. त्याच प्रवासात गोपाळ कृष्ण गोखले भेटले. गोखल्यांनी गाठ घालून दिली रतन टाटांशी (आपल्या काळातले नव्हेत, जमशेटजींचे धाकटे चिरंजीव). १९१० साली टाटा-भिसे सिंडिकेट निघालं. मध्येच महायुद्ध आलं आणि १९१५ साली तेही गुंडाळलं गेलं.

पन्नाशीला टेकलेला हा माणूस पुढच्याच वर्षी न्यूयॉर्कला गेला. तिथे नाव झालं ते मात्र 'ॲटोमिडीन' या आयोडीनच्या औषधाने. ज्यासाठी उमेद घालवली ते छपाईचं यंत्र बाजूलाच राहिलं. मला हे सगळ्यात जास्त लागतं.

१९३० साली ते एडिसनला भेटले. एडिसनच्या नावावर अमेरिकेची १,०९३ पेटंट, त्यातली १४१ बॅटरीची. आणि त्या बॅटऱ्या बनवून विकायला १९०१ पासून त्याची स्वतःची कंपनी होती. भिसेंची पेटंट चाळीसच्या आसपास, आणि दर वेळी नवा भांडवलदार शोधायचा. ७ एप्रिल १९३५ रोजी न्यूयॉर्कमध्येच ते वारले.