वेकोचा मूर्तिभंजक

ऑस्टिनमध्ये ओ. हेन्रीचं घर आहे. भारतातून पाहुणे आले की आम्ही ते हमखास दाखवतो, कारण त्याच्या गोष्टी सगळ्यांनीच कधी ना कधी वाचलेल्या असतात. या ओ. हेन्रीने १८९४ मध्ये इथे एक साप्ताहिक चालवलं. त्यासाठी त्याने जो छापखाना घेतला, तो आधी विल्यम ब्रॅन नावाच्या माणसाचा होता. पाहुण्यांना या ब्रॅनबद्दल सांगायला लागलो की जेवणं लांबतात, म्हणून म्हटलं एकदा लिहूनच काढावं.

ब्रॅनचा जन्म १८५५ चा, इलिनॉय राज्यातला. बाप धर्मोपदेशक. आई तो अडीच वर्षांचा असतानाच गेली आणि बापाने पोराला एका शेतकरी कुटुंबाकडे सोपवलं. तेराव्या वर्षी तो तिथून पळाला. हॉटेलात पोऱ्या, रंगारी, छापखान्यात कामगार, मग बातमीदार. शाळा जेमतेम, पण वाचन दांडगं. टेक्सासमध्ये गॅल्व्हेस्टन, ह्यूस्टन, सॅन अँटोनिओ अशा गावोगावच्या वर्तमानपत्रांत लिहिलं आणि संपादकाशी वा मालकाशी न पटल्यामुळे सोडलं. १८९० मध्ये त्याच्या तेरा वर्षांच्या मुलीने बापाच्या रागावण्यानंतर जीव दिला. हे दुःख त्याला शेवटपर्यंत सुटलं नाही.

ऑस्टिनमध्ये काढलेलं पहिलं मासिक बुडालं. ते त्याने फेब्रुवारी १८९५ मध्ये वेकोला पुन्हा सुरू केलं. नाव तेच, ‘आयकॉनोक्लास्ट’, म्हणजे मूर्तिभंजक. वेको ऑस्टिनपासून साधारण शंभर मैलांवर. त्या काळी वस्ती वीसेक हजारांच्या आत आणि जिकडेतिकडे बॅप्टिस्ट चर्च. गावाचा अभिमान म्हणजे बॅप्टिस्टांचं बेलर विद्यापीठ. अशा गावातून निघणाऱ्या या मासिकाचा खप बघता बघता लाखाच्या घरात गेला! न्यूयॉर्कच्या धनिकांचे नाचसमारंभ, ढोंगी धर्मोपदेशक, कॅथलिकांविरुद्ध द्वेष पसरवणाऱ्या संघटना, त्याने कुणालाच सोडलं नाही. वाचायला मजा येते, हे कबूल केलं पाहिजे. माणूस एका वाक्यात हसवतो आणि पुढच्यात ओरबाडतो.

खरं भांडण पेटलं ते अँटोनिया टेशेरा या मुलीवरून. ती ब्राझीलची. बॅप्टिस्ट मिशनऱ्यांनी तिला शिकवायला म्हणून टेक्सासला आणलं. बेलरचे अध्यक्ष रूफस बर्लसन यांच्या घरी ती राहायची आणि घरकाम करायची. १८९५ मध्ये ती गरोदर असल्याचं उघड झालं, तेव्हा तिचं वय चौदाच्या आसपास. आपल्यावर बळजबरी झाली असं तिने सांगितलं आणि अध्यक्षांच्या जावयाच्या भावाचं नाव घेतलं. त्याने आरोप नाकारला. अध्यक्षांनी पत्रक काढून मुलीच्याच वागणुकीला दोष दिला. परक्या देशात, शिकवतो म्हणून आणलेल्या पोरीची ही गत! आपल्यासारख्या बाहेर येऊन राहिलेल्यांना ही गोष्ट जरा जास्तच टोचते. ब्रॅनने ती उचलून धरली आणि महिनोन्‌महिने सोडली नाही. खटला चालला, पण ज्युरीत एकमत झालं नाही. पुढे अँटोनियाने आरोप मागे घेणाऱ्या कागदावर सही केली आणि गाव सोडलं. सहीसाठी तिला काय मिळालं, असं ब्रॅन छापून विचारत राहिला.

इथवर मी पूर्णपणे त्याच्या बाजूने असतो. पण त्याची लेखणी मग बेलरमधल्या सगळ्याच मुलींच्या चारित्र्यावर घसरली. एका मुलीची अब्रू राखायला निघालेला माणूस शेकडो मुलींची अब्रू चव्हाट्यावर मांडू लागला. आणि काळ्या लोकांबद्दल त्याने जे लिहिलंय ते वाचवत नाही. झुंडीने फाशी देण्याचं समर्थनसुद्धा त्यात आहे. त्या काळात सगळेच तसं लिहायचे, असं त्याचे चाहते म्हणतात. मला ते पटत नाही. बाकी सगळ्या बाबतीत जो काळाविरुद्ध उभा राहिला, त्याला फक्त इथेच काळाचा आडोसा कसा द्यायचा?

त्याच सुमारास आपल्याकडे पुण्यात आगरकरांची जिवंतपणी प्रेतयात्रा निघाली होती. वेकोत प्रकरण खऱ्या प्रेतांवर गेलं. ऑक्टोबर १८९७ मध्ये बेलरच्या विद्यार्थ्यांनी ब्रॅनला पळवून नेलं, मारहाण केली आणि माफीनाम्यावर सही घेतली. चार दिवसांनी एका बेलर समर्थक न्यायाधीशाने, त्याच्या मुलाने आणि आणखी एकाने त्याला रस्त्यात गाठून पुन्हा चोपलं. त्याच्या बाजूने जी. बी. जेराल्ड हे माजी न्यायाधीश उभे राहिले. त्यांचा लेख छापण्यावरून स्थानिक दैनिकाचे संपादक जे. डब्ल्यू. हॅरिस यांच्याशी वाजलं, आणि नोव्हेंबरमध्ये भर रस्त्यात गोळीबार झाला. संपादक हॅरिस आणि त्यांचा भाऊ, दोघेही गेले. जेराल्ड वाचले, पण त्यांचा हात कापावा लागला.

आता तरी गाव सोड, असं ब्रॅनला कितीतरी जणांनी सांगितलं असणार. तो राहिला, फक्त खिशात पिस्तूल ठेवून फिरू लागला. १ एप्रिल १८९८ च्या संध्याकाळी तो आपल्या व्यवस्थापकाबरोबर चौथ्या रस्त्याने चालला होता. दुसऱ्या दिवसापासून व्याख्यानांचा दौरा होता. टॉम डेव्हिस या जमीन-जुमल्याच्या व्यापाऱ्याने त्याला पाठीमागून गोळ्या घातल्या. डेव्हिसची मुलगी बेलरमध्ये शिकत होती. ब्रॅन वळला आणि त्यानेही पिस्तूल रिकामं केलं. पहाटेच्या आत ब्रॅन गेला, दुसऱ्या दिवशी डेव्हिसही. ब्रॅनचं वय त्रेचाळीस. म्हणजे सहा महिन्यांच्या आत या वादात चार माणसं मेली, आणि मारणारे-मरणारे सगळे एकमेकांना ओळखणारे, एकाच गावचे.

ब्रॅनला वेकोच्याच ओकवुड दफनभूमीत पुरलं. त्याच्या थडग्यावर दगडी दिवा आहे आणि त्यावर एकच शब्द कोरलाय, सत्य. त्याचं सगळं लेखन १९१९ मध्ये बारा खंडांत निघालं. अँटोनिया मात्र गाव सोडून गेल्यावर या गोष्टीतून निघूनच जाते. तिचं नाव टाळून ब्रॅनची गोष्ट सांगता येत नाही, आणि तिच्या हातची राहिलेली मुख्य खूण म्हणजे आरोप मागे घेणाऱ्या कागदावरची ती सही.