अँडर्स सेल्सिअस

मे महिन्यात उस्मानपुऱ्यात कडक ऊन पडते. दुपारी रस्ते ओस पडतात. बातम्यांत सांगतात, की आज शहराचे तापमान ४० अंश होते. त्याच दिवशी एखाद्या घरात लहान मुलाला ताप येतो. थर्मामीटर १०४ अंश दाखवतो आणि घरातील माणसे घाबरतात. एक आकडा चाळीस, दुसरा एकशे चार. पण तापमान दोन्हीकडे सारखेच! पहिला आकडा सेल्सिअस मापाचा आहे आणि दुसरा फॅरनहाइट मापाचा. यांतील पहिले माप ज्यांच्या नावाने ओळखले जाते, त्या अँडर्स सेल्सिअस यांची ही ओळख.

सेल्सिअस यांचा जन्म २७ नोव्हेंबर १७०१ रोजी स्वीडन देशातील उप्साला या गावी झाला. त्यांच्या घराण्यात विद्येची परंपरा होती. वडील खगोलशास्त्राचे प्राध्यापक होते. लहानपणापासूनच सेल्सिअस यांना गणिताची गोडी लागली. १७३० साली ते स्वतः उप्साला विद्यापीठात खगोलशास्त्राचे प्राध्यापक झाले.

त्यानंतर त्यांनी जर्मनी, इटली, फ्रान्स आणि इंग्लंड या देशांचा प्रवास केला. त्या काळी पृथ्वीच्या आकाराविषयी विद्वानांत मोठा वाद चालू होता. तो मिटवण्यासाठी १७३६ साली फ्रान्समधून एक तुकडी उत्तरेकडील बर्फाळ लॅपलँड प्रदेशात गेली. सेल्सिअस तिच्यात सामील झाले. पृथ्वी ध्रुवांजवळ थोडी चपटी आहे, हे तेथील मोजणीवरून सिद्ध झाले. पुढे त्यांच्या प्रयत्नांनी उप्साला येथे वेधशाळा उभी राहिली.

सेल्सिअस यांना हवामानाच्या नोंदी ठेवण्याचीही आवड होती. परंतु त्या वेळी निरनिराळे कारागीर निरनिराळ्या मापांचे थर्मामीटर बनवत. त्यामुळे एका गावची नोंद दुसऱ्या गावच्या नोंदीशी ताडून पाहणे कठीण जाई. सर्वांना कोठेही तपासता येतील अशा खुणा हव्या होत्या. सेल्सिअस यांनी हिवाळ्यात वितळत्या बर्फात थर्मामीटर ठेवून पुन्हा पुन्हा प्रयोग केले. पारा प्रत्येक वेळी एकाच खुणेवर थांबे. पाण्याचा उत्कलनबिंदू मात्र हवेच्या दाबानुसार बदलतो, म्हणून तो ठरावीक दाबालाच घ्यावा, असे त्यांनी सुचवले. आपले शहर समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरांहून अधिक उंच आहे. म्हणून आपल्याकडे पाणी सुमारे ९८ अंश सेल्सिअसलाच उकळते.

१७४२ साली त्यांनी आपले माप विद्वानांपुढे मांडले. या दोन खुणांमधील अंतराचे त्यांनी १०० भाग केले. गंमत अशी, की त्यांच्या मापात उकळत्या पाण्याला ० आणि बर्फाला १०० अंश होते! त्यांच्या मृत्यूनंतर लवकरच हे आकडे उलटे करण्यात आले. २५ एप्रिल १७४४ रोजी क्षयरोगाने त्यांचे निधन झाले. तेव्हा ते केवळ ४२ वर्षांचे होते. १९४८ साली आंतरराष्ट्रीय परिषदेने या मापाला त्यांचे नाव दिले.

फॅरनहाइट मापात बर्फ ३२ अंशांवर वितळतो आणि पाणी २१२ अंशांवर उकळते. म्हणजे या दोन खुणांमध्ये सेल्सिअसचे १०० भाग, तर फॅरनहाइटचे १८० भाग होतात. हे प्रमाण ५ ला ९ असे आहे. म्हणून सेल्सिअसच्या आकड्याला ९ ने गुणावे, ५ ने भागावे आणि ३२ मिळवावेत. ४० गुणिले ९ म्हणजे ३६०. भागिले ५ म्हणजे ७२. अधिक ३२ म्हणजे १०४.

मात्र तापमान किती वाढले किंवा उतरले हे सांगताना ३२ मिळवू नयेत. चुलीवरचे पाणी दर मिनिटाला ५ अंश सेल्सिअसने तापत असेल, तर ते दर मिनिटाला ९ अंश फॅरनहाइटने तापते. कारण ३२ हा केवळ सुरुवातीच्या खुणेतील फरक आहे. वाढीशी त्याचा संबंध नाही.

काही नव्या थर्मामीटरवर दोन्ही मापे असतात. ९८ अंशांची सवय असलेल्या माणसाला ३९ हा आकडा लहान वाटेल आणि तो आजाऱ्याकडे दुर्लक्ष करील. पण ३९ अंश सेल्सिअस म्हणजे १०२ अंश फॅरनहाइटहून अधिक ताप! म्हणून आकड्याबरोबर त्याचे माप वाचणे आणि सांगणे आवश्यक आहे. सर्वांना समजेल असे एक माप असावे, यासाठीच सेल्सिअस यांनी कष्ट घेतले.

शब्दार्थ : ताप – बुखार, ओस – सुनसान, ताडून पाहणे – तुलना करणे, उत्कलनबिंदू – ज्या तापमानाला द्रव उकळतो ते तापमान.

स्वाध्याय
१. सेल्सिअस यांनी थर्मामीटरसाठी कोणत्या दोन खुणा घेतल्या?
२. ३७ अंश सेल्सिअस म्हणजे किती अंश फॅरनहाइट?
३. रात्री तापमान १० अंश सेल्सिअसने उतरले, तर ते किती अंश फॅरनहाइटने उतरले?