रॉबर्ट फ्लाहर्टी

रॉबर्ट जोसेफ फ्लाहर्टी (१६ फेब्रुवारी, १८८४ – २३ जुलै, १९५१) हे अमेरिकन माहितीपट-दिग्दर्शक होते. त्यांचा 'नानूक ऑफ द नॉर्थ' (१९२२) हा व्यावसायिक यश मिळवणारा पहिला पूर्ण लांबीचा माहितीपट मानला जातो. निसर्गाशी झुंजणाऱ्या माणसांचे संथ व काव्यात्म चित्रण हे त्यांच्या शैलीचे वैशिष्ट्य होय.

प्रारंभिक जीवन

फ्लाहर्टी यांचा जन्म मिशिगन राज्यातील आयर्न माउंटन येथे झाला. वडील खाणव्यवसायात असल्याने त्यांचे बालपण खाणवस्त्यांत गेले. १९१० पासून ते कॅनडातील उद्योजक विल्यम मॅकेन्झी यांच्यासाठी हडसन उपसागराच्या परिसरात लोहखनिजाचा शोध घेऊ लागले. १९१३ च्या मोहिमेत त्यांनी सोबत कॅमेरा नेला आणि तेथील इनुइट लोकांचे चित्रण केले. १९१४ मध्ये फ्रान्सिस हबर्ड यांच्याशी त्यांचा विवाह झाला. पुढे त्या त्यांच्या चित्रपटकार्यातही सहकारी झाल्या.

नानूक ऑफ द नॉर्थ

१९१६ मध्ये टोरांटो येथे सिगारेटच्या ठिणगीने सुमारे ३०,००० फूट निगेटिव्ह जळून गेली. मात्र ते चित्रण विस्कळीत होते, असे खुद्द फ्लाहर्टी यांचेच मत झाले होते. म्हणून एकाच कुटुंबाभोवती नवा चित्रपट गुंफण्याचे त्यांनी ठरवले. रेव्हियाँ फ्रेर या फरव्यापारी कंपनीच्या अर्थसाहाय्याने १९२०-२१ मध्ये हे चित्रण झाले. फ्लाहर्टी तेथेच फिल्म धुऊन ती इनुइटांना दाखवीत व त्यांच्या सूचना घेत.

अन्य चित्रपट

सामोआमधील जीवनावरील 'मोआना' (१९२६) या चित्रपटाच्या परीक्षणात जॉन ग्रिअरसन यांनी 'डॉक्युमेंटरी' हा शब्द वापरला. पुढे तोच या चित्रप्रकाराचे नाव म्हणून रूढ झाला. आयर्लंडलगतच्या बेटांवरील 'मॅन ऑफ ॲरन' (१९३४) नंतर त्यांनी झोल्टान कोर्डा यांच्यासह 'एलिफंट बॉय' (१९३७) हा कथापट दिग्दर्शित केला. त्याचे बाह्यचित्रण म्हैसूर संस्थानात झाले. माहुताचा मुलगा साबू याच चित्रपटातून प्रसिद्धीस आला. 'लुईझियाना स्टोरी' (१९४८) या चित्रपटाचा खर्च एका तेल कंपनीने केला होता. त्याच्या संगीतासाठी व्हर्जिल थॉमसन यांना पुलित्झर पारितोषिक मिळाले.

टीका

फ्लाहर्टी यांनी अनेक प्रसंग मुद्दाम घडवून चित्रित केले. 'नानूक'चे खरे नाव अल्लाकारियल्लाक होते आणि चित्रपटातील कुटुंब त्याचे स्वतःचे नव्हते. बंदुका प्रचारात असतानाही वॉलरसची शिकार जुन्या पद्धतीने दाखवली गेली. उजेड मिळावा म्हणून आतील दृश्यांसाठी एका बाजूने उघडे बर्फघर बांधण्यात आले. ॲरन बेटांवर तर कित्येक दशकांपूर्वी बंद पडलेली शार्कची शिकार बेटकऱ्यांना नव्याने शिकवावी लागली. नष्ट होणारी जीवनपद्धती जतन करण्याचा हा प्रयत्न होता, असे त्यांचे समर्थक मानतात. टीकाकारांच्या मते मात्र त्यामुळे त्या समाजांचे वर्तमान पडद्याआड राहिले. माहितीपटाने सत्य कितपत रचावे, हा प्रश्न त्यांच्या चित्रपटांपासूनच चर्चेत आहे.

वारसा

फ्लाहर्टी यांचे निधन व्हर्माँट राज्यातील डमरस्टन येथे झाले. १९५५ मध्ये फ्रान्सिस यांनी त्यांच्या स्मरणार्थ वार्षिक चित्रपट-परिसंवाद सुरू केला. १९८९ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीसाठी निवडलेल्या पहिल्या २५ चित्रपटांत 'नानूक ऑफ द नॉर्थ'चा समावेश झाला.