माटेचा कॅमेरा

हॉस्टेलवर राहून '३००' पाहिला नाही असा इंजिनिअर शोधावाच लागेल. २००७ साली थिएटरात आलेला हा पिक्चर फ्रँक मिलरच्या कॉमिकवर बेतलेला. आणि मिलरच्या डोक्यात हे वेड शिरलं ते लहानपणी पाहिलेल्या 'द ३०० स्पार्टन्स' (१९६२) मुळे. त्याचा दिग्दर्शक रुडॉल्फ माटे. नाव ऐकलंय? मीही ऐकलं नव्हतं.

माटे १८९८ साली क्राकोव्हला जन्मला. हे शहर आज पोलंडमध्ये आहे, तेव्हा ऑस्ट्रिया-हंगेरी साम्राज्यात होतं. शिक्षण बुडापेस्ट विद्यापीठात. पुढे हंगेरियन निर्माता अलेक्झांडर कोर्डाकडे उमेदवारी, मग कार्ल फ्रॉइंड या नावाजलेल्या कॅमेरामनच्या हाताखाली काम. तिथून डॅनिश दिग्दर्शक ड्रायरने त्याला उचललं आणि 'द पॅशन ऑफ जोन ऑफ आर्क' (१९२८) चा कॅमेरा हाती दिला.

आता थोडं टेक्निकल. तेव्हाची ऑर्थोक्रोमॅटिक फिल्म लाल रंगाला जवळजवळ आंधळी. चेहऱ्याची लाली काळपट यायची, म्हणून नटांना मेकअपचे थर लावायचे. माटेने सगळे रंग पकडणारी पँक्रोमॅटिक फिल्म वापरली आणि मेकअपला चक्क सुट्टी! फाल्कोनेटी या नटीच्या चेहऱ्यावरची रेघन् रेघ पडद्यावर आली. पुढे 'व्हॅम्पायर' (१९३२) मध्ये नेमकं उलटं केलं. कॅमेऱ्यासमोर जाळीदार कापड धरून सगळं धूसर!

१९३५ च्या सुमारास गडी हॉलिवूडला पोचला. १९४० ते १९४४ च्या चित्रपटांसाठी सलग पाच वर्षं ऑस्करचं नामांकन. त्यातलं एक कोर्डाच्याच 'दॅट हॅमिल्टन वुमन'साठी. मिळालं एकदाही नाही. पाच कंपन्यांच्या शॉर्टलिस्टमध्ये नाव आणि ऑफर मात्र शेजारच्याला, त्यातलाच प्रकार.

१९४७ पासून तो दिग्दर्शनात उतरला. 'डी.ओ.ए.' (१९५०) मधला विषबाधा झालेला नायक पोलिसांकडे जाऊन स्वतःच्याच खुनाची खबर देतो! 'व्हेन वर्ल्ड्स कोलाइड' (१९५१) ला ऑस्कर मिळालं, पण स्पेशल इफेक्ट्सचं. तरीही जाणकार त्याला मानतात ते कॅमेऱ्यासाठीच.

आणि त्या कॅमेऱ्याचं सर्वांत मोठं काम? 'जोन'ची मूळ निगेटिव्ह १९२८ मध्येच आगीत जळाली. नंतर काटछाट झालेल्या प्रतीच फिरत राहिल्या. १९६४ मध्ये माटे गेला. त्यानंतर सतरा वर्षांनी, १९८१ साली, ओस्लोच्या एका मनोरुग्णालयात मूळ आवृत्तीची प्रत सापडली. जगाला तो चेहरा परत मिळाला, पण तो टिपणारा बघायला उरला नव्हता.