विश्लेषण : भूजलातील प्रदूषणाचा माग नकाशावर कसा काढतात? डॉ. जॉन स्नो यांच्या शोधातून काय शिकायचे?

विहिरीचे पाणी नितळ दिसते, चवीला गोड लागते, तरी ते माणसे मारते. १८५४ मध्ये लंडनच्या सोहो भागात नेमके हेच घडले. सूक्ष्मदर्शकाला जे ठामपणे सांगता आले नाही, ते मृतांचे पत्ते आणि रस्त्यांचा नकाशा यांनी सांगितले. जमिनीतील आणि भूजलातील प्रदूषण शोधण्यासाठी आज जीआयएस म्हणजे भौगोलिक माहिती प्रणाली वापरली जाते. तिच्या मुळाशी असलेला विचार डॉ. जॉन स्नो यांनी संगणकाच्या शंभर वर्षे आधी कागदावर मांडला होता. हयात असताना मात्र त्यांचे म्हणणे फारसे कुणी मानले नाही.

कोण होते डॉ. जॉन स्नो?

स्नो यांचा जन्म १५ मार्च १८१३ रोजी इंग्लंडमधील यॉर्क शहरात झाला. नऊ भावंडांत ते थोरले. वडील नदीकाठच्या कोळशाच्या वखारीत मजूर होते आणि घर पुराचे पाणी शिरणाऱ्या वस्तीत होते. वयाच्या चौदाव्या वर्षी त्यांना न्यूकॅसलच्या एका शल्यवैद्याकडे उमेदवारीसाठी पाठवण्यात आले. १८३१-३२ मध्ये इंग्लंडमध्ये कॉलऱ्याची पहिली मोठी साथ आली, तेव्हा या पोरसवदा उमेदवाराला किलिंगवर्थच्या कोळसा खाणीतील रुग्णांच्या सेवेसाठी धाडले गेले. खाणीत शौचालय नव्हते आणि कामगार तशाच हातांनी भाकरतुकडा खात. ही गोष्ट त्यांच्या मनात राहिली.

सतराव्या वर्षापासून ते शाकाहारी झाले, दारूही वर्ज्य केली. १८३६ मध्ये ते पायी प्रवास करत लंडनला पोहोचले. १८४४ मध्ये लंडन विद्यापीठाची एमडी पदवी त्यांनी मिळवली. पुढे ईथर आणि क्लोरोफॉर्म यांची मात्रा मोजून देण्याचे तंत्र त्यांनी विकसित केले आणि भूलतज्ज्ञ म्हणून नाव कमावले. ७ एप्रिल १८५३ रोजी राणी व्हिक्टोरिया यांच्या बाळंतपणात क्लोरोफॉर्म देण्यासाठी त्यांनाच बोलावण्यात आले. १८५७ मध्येही तीच जबाबदारी त्यांच्याकडे आली.

दुर्गंधीचा सिद्धांत त्यांना का पटला नाही?

कॉलरा, म्हणजे आपल्याकडची पटकी, सडक्या घाणीतून उठणाऱ्या दूषित हवेमुळे होते, असे त्या काळचे बहुतेक डॉक्टर आणि अधिकारी मानत. स्नो यांचा रोजचा संबंध वायूंशी होता. वायू पसरला की विरळ होतो, अंतर वाढले की त्याचा परिणाम घटतो, हे त्यांना अनुभवाने ठाऊक होते. हवाच विषारी असेल तर एकाच गल्लीतले एक घर उजाड व्हावे आणि शेजारचे शाबूत राहावे, हे कसे? शिवाय आजाराची सुरुवात फुप्फुसात नव्हे तर पोटात होते. म्हणजे विष श्वासातून नव्हे, तोंडावाटे पोटात जात असले पाहिजे. १८४९ मध्ये त्यांनी एक छोटी पुस्तिका काढून हा विचार मांडला. रुग्णाच्या विष्ठेतील काहीतरी पिण्याच्या पाण्यात मिसळते आणि रोग पसरतो, असे त्यांचे म्हणणे होते. पुरावा तोकडा असल्याने ते बाजूला सारले गेले.

ब्रॉड स्ट्रीटवर काय घडले?

३१ ऑगस्ट १८५४ च्या रात्री सोहोमध्ये साथीचा भडका उडाला. पहिल्या तीन दिवसांत ब्रॉड स्ट्रीट आणि आसपास १२७ जण दगावले. साथ संपेपर्यंत बळींचा आकडा ६१६ वर गेला. स्नो जवळच राहत होते. त्यांना लगेच ब्रॉड स्ट्रीटवरील सार्वजनिक हातपंपाचा संशय आला. त्यांनी पाण्याचा नमुना घेतला, पण त्यात डोळ्यांत भरावी अशी घाण दिसली नाही. ते क्षणभर अडखळले आणि मग त्यांनी वेगळी वाट धरली.

मृत्यू नोंदणी कार्यालयातून त्यांनी त्या आठवड्याच्या अखेरच्या तीन दिवसांतील ८३ मृतांचे पत्ते मिळवले आणि घरोघर फिरले. जवळपास सगळे मृत्यू त्याच पंपाच्या आसपास होते. फक्त १० मृत्यू अशा घरांत झाले होते, जिथून दुसरा पंप जवळ पडत होता. त्यांतील पाच कुटुंबांनी सांगितले, की आम्हाला ब्रॉड स्ट्रीटचेच पाणी आवडते, म्हणून तेथूनच मागवतो. आणखी तीन मृत ही त्या पंपाजवळच्या शाळेत जाणारी मुले होती.

अपवादांचा छडा कसा लावला?

स्नो यांची खरी कसोटी अपवादांत लागली. पंपापासून हाकेच्या अंतरावर पोलंड स्ट्रीटवर गरिबांचे आश्रयगृह होते. तेथे ५३५ जण राहत होते, पण कॉलऱ्याने दगावले केवळ पाच. तपासाअंती कळले, की तेथे स्वतंत्र विहीर होती. ब्रॉड स्ट्रीटवरच्याच बिअर कारखान्यातील सत्तरहून अधिक कामगारांपैकी एकही दगावला नाही. त्यांना प्यायला बिअर मिळे, शिवाय कारखान्याची स्वतःची विहीर होती. उलट जवळच्या बंदुकीच्या टोप्या बनवणाऱ्या कारखान्यात पंपाचे पाणी पिंपांत भरून ठेवले जाई. तेथील १८ कामगार मरण पावले.

सर्वांत बोलका पुरावा काही मैलांवरील हॅम्पस्टेडमध्ये सापडला. तेथे साथ नव्हती, तरी एक वृद्ध विधवा कॉलऱ्याने गेली. ती पूर्वी ब्रॉड स्ट्रीटवर राहत असे. तेथल्या पाण्याची चव आवडत असल्याने ती रोज बाटली भरून मागवत होती. ते पाणी प्यायलेली तिची इस्लिंग्टनमध्ये राहणारी भाचीही दगावली. हवा तेवढ्या लांब जाऊन नेमकी दोघींनाच गाठणे शक्य नव्हते.

पंपाचा दांडा काढल्याने साथ थांबली का?

७ सप्टेंबरच्या संध्याकाळी स्नो यांनी स्थानिक पॅरिशच्या मंडळासमोर आपली माहिती ठेवली. दुसऱ्या दिवशी पंपाचा दांडा काढण्यात आला. यामुळेच साथ आटोक्यात आली, अशी आख्यायिका आहे. प्रत्यक्षात तोवर लोक मोठ्या संख्येने घरे सोडून गेले होते आणि साथ ओसरू लागली होती. स्नो यांनीही ही शक्यता मान्य केली होती. तो प्रसिद्ध नकाशाही दांडा निघाल्यानंतर तयार झाला आणि १८५५ मध्ये त्यांच्या पुस्तकाच्या दुसऱ्या आवृत्तीत छापला गेला.

तरीही दांडा काढणे वाया गेले नाही. तरुण धर्मोपदेशक हेन्री व्हाइटहेड आधी स्नो यांचे म्हणणे खोडून काढायला निघाले होते. घरोघर चौकशी करता करता त्यांचेच मत बदलले. पंपासमोरच्या ४० क्रमांकाच्या घरात एका पोलीस शिपायाची तान्ही मुलगी साथीच्या आधीच आजारी पडली होती. तिची दुपटी धुतलेले पाणी आई तळघरातील मैलाखड्ड्यात ओतत होती. १८५५ मध्ये तो खड्डा खणून पाहिला, तेव्हा त्याच्या विटा निखळलेल्या होत्या. विहीर तेथून तीन फुटांपेक्षाही कमी अंतरावर होती आणि मधली माती मैलापाण्याने भिजलेली होती. दांडा काढला त्याच दिवशी मुलीचे वडीलही आजारी पडले होते. पंप चालू राहिला असता, तर साथ पुन्हा उसळण्याचा धोका होता.

नकाशात नेमके वेगळे काय होते?

स्नो यांनी प्रत्येक घरासमोर मृत्यूमागे एक काळी आडवी रेघ काढली आणि परिसरातील पंपही दाखवले. रोगाचे नकाशे त्याआधीही निघाले होते. याच साथीत मलनिस्सारण आयोगाचे अभियंता एडमंड कूपर यांनीही मृत्यूंचा नकाशा काढला होता. मात्र त्यांचा रोख गटारांतून येणाऱ्या दुर्गंधीकडे होता. म्हणजे नकाशा स्वतःहून उत्तर देत नाही. कोणता प्रश्न विचारायचा, हे आधी ठरवावे लागते.

पॅरिशच्या चौकशी अहवालासाठी काढलेल्या सुधारित नकाशात स्नो यांनी एक तुटक रेषा जोडली. ब्रॉड स्ट्रीटचा पंप आणि इतर पंप यांच्यापासून चालत जाण्याचे अंतर जेथे सारखे होते, ते बिंदू जोडणारी ही रेषा होती. मृत्यू तिच्या आत दाटलेले होते आणि बाहेर झपाट्याने कमी होत होते. सरळ रेषेतले अंतर न घेता प्रत्यक्ष चालण्याचे अंतर घेणे, ही त्यातील मोठी झेप होती.

याच वर्षी दक्षिण लंडनमध्ये त्यांनी आणखी मोठी तपासणी केली. तेथे दोन कंपन्या त्याच रस्त्यांवरील घरांना पाणी पुरवत होत्या. लॅम्बेथ कंपनीने १८५२ मध्ये शहराच्या वरच्या बाजूला, स्वच्छ प्रवाहातून पाणी उचलायला सुरुवात केली होती. साउथवर्क अँड वॉक्सहॉल कंपनी मात्र शहराचा मैला मिसळलेले पाणीच उचलत होती. साथीच्या पहिल्या सात आठवड्यांत दर १० हजार घरांमागे लॅम्बेथच्या ग्राहकांत ३७, तर दुसऱ्या कंपनीच्या ग्राहकांत ३१५ मृत्यू झाले. अनेकांना आपले पाणी कोणाचे, हेच माहीत नव्हते. तेव्हा स्नो यांनी सिल्व्हर नायट्रेट टाकून पाण्यातील मिठाचे प्रमाण तपासले आणि कंपनी ओळखली.

हयातीत मान्यता का मिळाली नाही?

सरकारी आरोग्य मंडळाच्या वैज्ञानिक समितीने १८५५ मध्ये त्यांचा निष्कर्ष नाकारला. त्याच वर्षी संसदीय समितीसमोर त्यांनी हाडे उकळणाऱ्या कारखान्यांच्या बाजूने साक्ष दिली. दुर्गंधीमुळे साथ पसरत नाही, हा त्यांचा तर्क होता. द लॅन्सेट या नियतकालिकाने त्यावरून त्यांची खिल्ली उडवली. १६ जून १८५८ रोजी पक्षाघाताने त्यांचे निधन झाले, तेव्हा ते ४५ वर्षांचे होते. लॅन्सेटने छापलेल्या मोजक्या ओळींत कॉलऱ्याचा उल्लेखही नव्हता. ती चूक त्या नियतकालिकाने २०१३ मध्ये दुरुस्त केली. १८६६ च्या साथीत सांख्यिकीतज्ज्ञ विल्यम फार यांनी पाण्याचा दोष मान्य केला. १८८४ मध्ये रॉबर्ट कॉख यांनी कलकत्त्यात कॉलऱ्याचा जिवाणू ठामपणे ओळखला.

आजच्या जीआयएसशी याचा संबंध काय?

जीआयएसमध्ये एकाच जागेची वेगवेगळी माहिती थरांसारखी एकमेकांवर ठेवली जाते. विहिरी, शौचालयांचे खड्डे, कचराभूमी, कारखाने, मातीचा प्रकार, जमिनीचा उतार, भूजलाची पातळी असे हे थर असतात. स्नो यांनी रस्ते, पंप आणि मृत्यू असे तीन थर ठेवले होते. प्रदूषणाचा स्रोत, त्याचा मार्ग आणि त्याची झळ बसणारा माणूस, ही साखळी त्यांनी जोडली. आजचे प्रारूपही हीच साखळी जोडते.

मार्गाचे गणित मात्र नंतर आले. फ्रेंच अभियंता आंरी दार्सी यांनी १८५६ मध्ये वाळूतून पाणी किती वेगाने झिरपते, याचा नियम मांडला. भूजल प्रवाहाची आजची संगणकीय प्रारूपे त्यावर उभी आहेत. अमेरिकी भूगर्भ सर्वेक्षण संस्थेची मॉडफ्लो ही प्रणाली १९८४ मध्ये आली. ड्रॅस्टिक या पद्धतीत भूजलाची खोली, पुनर्भरण, जलधर खडक, माती, उतार, वरच्या कोरड्या थराचा परिणाम आणि खडकाची पाणी वाहून नेण्याची क्षमता या सात घटकांना गुण देऊन कोणता भाग प्रदूषणाला लवकर बळी पडेल, हे ठरवले जाते.

मर्यादा कोणत्या?

दोन विहिरींच्या नमुन्यांवरून मधल्या जागेचा अंदाज बांधून रंगीत नकाशा काढता येतो. वाळू-गाळाच्या प्रदेशात तो बऱ्यापैकी जुळतो. महाराष्ट्राचा बहुतांश भूभाग बसाल्ट खडकाचा आहे. येथे पाणी खडकाच्या भेगांतून आणि झिजलेल्या थरांतून वाहते. त्यामुळे एक विहीर दूषित आणि शेजारची चांगली, असे सहज घडते. अशा ठिकाणी मोजक्या नमुन्यांवरचा गुळगुळीत नकाशा दिशाभूल करू शकतो. त्यासाठी नमुने वाढवावे लागतात, भेगांची दिशा तपासावी लागते आणि पावसाळ्यापूर्वी व नंतर पुन्हा मोजणी करावी लागते.

स्नो यांनी नकाशावर न जुळणारे प्रत्येक घर गाठून, तेथे पाणी कोठून येते हे विचारले होते. आज पडद्यावर न जुळणारी विहीर दिसली, की तज्ज्ञांनाही तिच्या काठावर जाऊन तेच विचारावे लागते.